वळणावरची पंक्चरवाली मावशी

आमच्या राज्य महामार्गाची सुरुवात पाहिली तर हा पुढे महामार्ग होणार आहे यावर कुणाचा विश्वास बसणार नाही. जिल्ह्याच्या गावात बस स्टँडच्या मागे, लाकडाची वखार आणि सायकलचं दुकान यांच्या मधून तो अंग चोरून निघतो. वखारवाला आपले ओंडके निम्म्या महामार्गावर रचतो आणि सायकलवाला उरलेल्या निम्म्यावर भाड्याच्या सायकली मांडतो. पुढे पिठाची गिरणी, सरकारी दवाखाना आणि वीटभट्ट्या मागे पडल्या की त्याला जरा मोकळा श्वास घेता येतो, आणि मग तो नदीवर येतो.

नदीपर्यंतचा तुकडा माझ्या आजोबांच्या वेळचा. आधी नुसती गाडीवाट होती, मग तिच्यावर खडी पडली, मग मैलाचे दगड आले. ते दगड काढून किलोमीटरचे बसवले तेव्हा आजोबा सरकारवर फार चिडले होते. कालपर्यंत बाजार जवळ होता, या लोकांनी एका रात्रीत तो लांब नेऊन ठेवला, असं त्यांचं म्हणणं. समजवायला आलेल्या मास्तरांनीही शेवटी हात टेकले. नदीपलीकडचा रस्ता मात्र पुढच्या पिढीतला. पलीकडे माळ, माळाच्या टोकाला डोंगर, आणि डोंगराच्या पायथ्याशी खाण निघाली म्हणून तो झाला. रस्ता पुरा झाला, त्याला नंबर मिळाला, नंबराची पाटी लागली, आणि थोड्याच वर्षांत खाण बंद पडली. त्यानंतर बराच काळ आमचा महामार्ग खाणीच्या फाटकाला लावलेल्या कुलपापाशी संपत असे. मग कुणाला तरी दया आली आणि त्याला डोंगरावर चढवून पलीकडच्या राज्यातल्या रस्त्याला जोडलं. तेव्हापासून जड गाड्यांची रहदारी वाढली. मधल्या काळात नंबर दोनदा बदलला, खड्डे जिथल्या तिथे राहिले.

माळावरून हा रस्ता ताणलेल्या दोरीसारखा सरळ जातो. अपवाद एकच. माळाच्या मधोमध, जिथे ना टेकडी, ना ओढा, ना कुणाचं घर, तिथे तो एकदम उजवीकडे वळतो, एका मोठ्या शेताला वळसा घालतो आणि परत मूळ ओळीवर येतो. तो का वळतो याची कारणं विचाराल तितकी मिळतील. कुणी म्हणतं, एका बड्या जमीनदाराने बंदूक घेऊन सरकारला अडवलं. कुणी म्हणतं, तिथे फार जुनं झाड होतं आणि ते तोडायला कुणी धजावेना. एका प्राध्यापकांनी तर मला सांगितलं, की वळणामुळे ड्रायव्हरला झोप लागत नाही, म्हणून ती मुद्दाम केलेली शास्त्रीय योजना आहे. ही सगळी कारणं खोटी. खरं कारण आमच्या घरात सगळ्यांना माहीत होतं, कारण ते कारण म्हणजे माझी सख्खी मावशी.

मावशीचं लग्नही या रस्त्यानेच जमवलं. तिचे यजमान, म्हणजे आमचे काका, रस्त्यांच्या खात्यात रोलर चालवायचे. नदीजवळचा खराब झालेला तुकडा दाबायला रोलर आला तो नेमका माझ्या आजोळच्या दारासमोर. रोलरचं काम म्हणजे जितकं पुढे जायचं तितकंच मागे यायचं, त्यामुळे काका दिवसभर त्या एकाच घरासमोरून ये-जा करत राहिले. ते ट्रक चालवत असते तर मावशी दिसायच्या आधीच गाव मागे पडलं असतं. आपल्या दारासमोरचा रस्ता गरजेपेक्षा जास्त गुळगुळीत होत चाललाय हे आजोबांच्या लक्षात आलं, आणि त्यांनी काकांना आत बोलावून सरळ विचारलं. काकांचं बोलणं मुळात कमी. ते एवढंच म्हणाले, की रोलर लवकरच नदीपलीकडे जाणार आहे, तेव्हा काय ते आत्ताच ठरवावं. लग्न झालं आणि मावशी रोलरच्या मागोमाग तंबूत राहायला गेली. रोलरला ती पहिल्या दिवसापासून सवत म्हणायची. काका सकाळी उठून आधी रोलरचं तेलपाणी करायचे आणि मग चहा घ्यायचे, याचा तिला राग होता, आणि राग लपवायचा तिचा स्वभाव नाही.

आता ते वळण. रस्त्याची ओळ दाखवायला ओव्हरसियरसाहेब लाकडाच्या खुंट्या ठोकत, आणि प्रत्येक खुंटीच्या डोक्यात एक खिळा. रोलर पुढे सरकला की मागच्या खुंट्यांचं काम संपलं. मग त्या तंबूतल्या बायकांनी उपटून चुलीत घालायच्या. रोलरच्या पुढच्या खुंट्या साहेबांच्या, मागच्या चुलीच्या, असा तिथला रिवाज होता आणि त्यात कधी कुणाची गफलत झाली नव्हती. मावशी नवी. त्याच दिवशी तंबू नव्या जागी हलवले होते, रानातलं लाकूड ओलं होतं, आणि रोलर दुरुस्तीसाठी तोंड उलटं फिरवून उभा केला होता. मावशीने रोलरचं तोंड कुठे आहे ते नीट पाहिलं, शहाण्या बाईसारखी त्याच्या मागच्या बाजूला गेली, आणि कवेत मावतील तेवढ्या वाळक्या, छान तासलेल्या खुंट्या उपटून घेऊन आली. चूल झकास पेटली. सकाळी राख तिने तंबूसमोर पसरून टाकली, म्हणजे पायाला चिखल लागायला नको.

काकांना हे उजाडल्यावर कळलं. साहेब कामासाठी जिल्ह्याला गेले होते. काकांची नोकरी नवी, बायको नवी, दोन्ही टिकवायच्या होत्या. त्यांनी कुणाला न सांगता नव्या खुंट्या तासल्या. दोरीचं एक टोक मावशीने धरलं, दुसरं त्यांनी, आणि लांबच्या एका झाडावर नजर ठेवून दोघांनी नवी ओळ लावली. ठोकताना काका दर खेपेला विचारायचे, सरळ आहे ना, आणि मावशी म्हणायची, अगदी सरळ. ओळ खरोखरच सरळ होती. फक्त माळावर तशी दोन झाडं होती आणि त्यांनी चुकीचं धरलं होतं. साहेब परतले तोवर मजुरांच्या गँगने त्या ओळीवर दगडांचा थरही टाकला होता, आणि ती ओळ पुढच्या खऱ्या खुंट्यांपासून एक अख्खं शेत बाजूला निघाली होती.

साहेबांची जीप तंबूसमोर येऊन थांबली ती राखेतल्या खिळ्यांवर. चाक बसलं. साहेबांनी टायरमधला खिळा उपसून हातात घेतला, चुलीकडे पाहिलं, मग नव्या नवरीकडे पाहिलं. मावशीने घाईघाईने चहा पुढे केला. साहेबांनी पुरा चहा संपवला.

मग म्हणाले, "सूनबाई, चहा चांगला झालाय. लाकूड सरकारी वाटतं."

एवढंच. झालेलं काम उखडायचं तर वरपर्यंत उत्तरं देत बसावं लागणार, त्यापेक्षा त्यांनी ओळीला एक वळण देऊन ती मूळ खुंट्यांना जोडून टाकली आणि तो विषय पुन्हा काढला नाही. तिकडे जीपचा ड्रायव्हर टायर खोलत होता आणि मावशी शरमेने त्याच्यासमोर पाण्याचं घमेलं धरून उभी होती. त्याने ट्यूब पाण्यात दाबली, बुडबुडे आले, त्याने त्या जागी बोट ठेवलं आणि म्हणाला, हे भोक. मावशीला ते फार आवडलं. संसारात इतकं सरळ उत्तर दुसरीकडे कुठेच मिळत नाही, असं ती पुढे मला सांगायची.

रस्ता डोंगरावर जोडला गेला आणि जड गाड्या वाढल्या तेव्हा मावशीने त्याच वळणावर पंक्चरचं दुकान टाकलं. दुकान म्हणजे मोडक्या ट्रॉलीच्या सांगाड्यावर ठोकलेले पत्रे, बाहेर टांगलेले टायर, आत एक बाक, कानस, ठिगळं, रबराच्या चिकटीचा डबा, आणि पाण्याचा टब. वळणावर गाड्या करकचून ब्रेक मारायच्या, कडेच्या धारदार दगडांवर चाक जायचं, आणि मावशीकडे गिऱ्हाईक यायचं. हळूहळू शेजारी एक हॉटेल आलं, एक केस कापायचं दुकान आलं, आणि ज्या माळावर कुत्रंही फिरकत नव्हतं तिथे छोटासा बाजार जमला. बाईमाणूस टायर खोलतंय म्हणून सुरुवातीला ट्रकवाले खाली उतरून नुसते बघत बसायचे. मावशी त्यांच्या हातात पाना द्यायची आणि म्हणायची, बसलाच आहेस तर तेवढा नट ढिला कर. काही वर्षांत ती साऱ्या महामार्गाची मावशी झाली. मी सख्खी भाची असून सुट्टीत गेले की मला रांगेत उभं राहावं लागे.

तर असा त्यांचा संसार. नवरा रस्ता सपाट करणार आणि बायको रस्ता सपाट नाही म्हणून कमावणार. संध्याकाळी काका डांबराचा वास घेऊन यायचे आणि मावशी विचारायची, आज माझं किती नुकसान केलंत? काका म्हणायचे, पार डोंगरापर्यंत केलं. गावातले टवाळ म्हणायचे, ही बाई रोज पहाटे खिळे पेरते. मावशी त्यांना उत्तर द्यायची, की मला त्रास घ्यायची गरजच काय, यांचं खातं आहे ना. आणि खुंट्यांची गोष्ट तर घरी कुणीही पाहुणा आला की व्हायचीच. मावशी साहेबांचा आवाज काढायची, काका लाजून बाहेर जायचे, आणि आम्ही पोरं शंभरदा ऐकलेली गोष्ट पुन्हा ऐकून पोट धरून हसायचो.

मग मागच्या हिवाळ्याच्या आदल्या हिवाळ्यात धुक्यातून शाळेची बस आली. ड्रायव्हरला वळण दिसलं तोवर उशीर झाला होता. बस रस्ता सोडून शेतात उतरली आणि एका अंगावर कलंडली. मावशी टायर काढायची लोखंडी पट्टी घेऊन धावली, मागची काच फोडली आणि हॉटेलवाल्याच्या मदतीने एकेक पोर बाहेर काढलं. खरचटण्यापलीकडे कुणाला काही झालं नाही. सगळ्यांच्या जिवात जीव आला, हॉटेलवाल्याने सगळ्यांना गरम दूध दिलं, पोरं तर थोड्या वेळाने शाळा बुडाली म्हणून खूश झाली. एक लहान मुलगी तेवढी मावशीच्या बाकावर एक बूट हरवून बसली होती. मावशी तिच्या पायाला फडकं गुंडाळत होती तेव्हा तिने विचारलं, "आजी, रस्ता इथे का वळतो?"

मावशी फडक्याची गाठ मारून दूध आणायला उठली. त्या दिवसापासून तिने ती गोष्ट सांगणं बंद केलं. पाहुणे आले, कुणी आठवण काढली, तर ती उठून चहा टाकायला जायची. मी एकदा घोळक्यात साहेबांचा आवाज काढला तर तिने माझ्या हातात कप देऊन मला आत पिटाळलं.

खात्यात नव्या इंजिनियरबाई आल्या. वयाने लहान, डोक्यावर पिवळं हेल्मेट, बोलायला चटपटीत. त्यांनी माळ पायी तुडवला आणि सांगितलं, की वळण काढून रस्ता सरळ नेणार. वळणावरच्या बाजाराचं धाबं दणाणलं. सरळ रस्ता शेताच्या पलीकडून जाणार, म्हणजे इकडे गाडी फिरकणारच नाही. हॉटेलवाला आमच्या वळणाचा स्वयंघोषित अध्यक्ष. त्याने डोकं चालवलं आणि नवं कारण शोधून काढलं. सरळ ओळीत जमिनीखाली झरा आहे, जुन्या साहेबांना तो माहीत होता, म्हणूनच त्यांनी वळण घेतलं. झऱ्यावर रस्ता बांधला तर खचणार. गोष्ट इतकी चांगली जमली होती, की सांगता सांगता त्याचा स्वतःचाही तिच्यावर विश्वास बसला.

इंजिनियरबाईंनी लोकांचं म्हणणं ऐकायला सभा ठेवली. तिच्या आदल्या संध्याकाळी हॉटेलवाला मावशीच्या दुकानात आला. मी तिथेच होते, काकाही होते. तो म्हणाला, की रस्ता झाला तेव्हा हजर असलेली तुम्ही दोघंच उरलात, तेव्हा इंजिनियरबाई तुलाच विचारणार. तू फक्त हो म्हण. नाहीतर तुझं, माझं, सगळ्यांचं दुकान उठलं. त्याचं काही खोटं नव्हतं. काकांची नोकरी संपत आली होती आणि त्या पत्र्याच्या दुकानाशिवाय मावशीजवळ स्वतःचं म्हणावं असं काही नव्हतं. मावशी कानशीने ट्यूब घासत राहिली. तो गेल्यावर काकांनी तिला काय करायचं ते सांगितलं नाही. तुझं तू ठरव, मी शेजारी बसेन, एवढंच म्हणाले.

सभा शाळेच्या वर्गात झाली. थोराड माणसं लहान बाकांवर गुडघे पोटाशी घेऊन बसली होती. बाईंनी फळ्यावर नकाशा लावला. हॉटेलवाल्याने झऱ्याची गोष्ट सांगितली, केस कापणाऱ्याने मान डोलावली. बाईंनी शांतपणे ऐकून घेतलं. जमिनीखाली खरंच पाणी असेल तर मी हट्ट धरणार नाही, वळण आहे तसं राहील, असं त्या म्हणाल्या. खोदून पाहायला पुन्हा वरून मंजुरी आणावी लागली असती, आणि तोवर या कामाचे पैसे दुसरीकडे गेले असते. म्हणून त्यांनी विचारलं, रस्ता बांधताना हजर असलेलं कुणी इथे आहे का? सगळ्या माना मावशीकडे वळल्या.

मावशी उभी राहिली. हात पदराला पुसले, पण ते इतके काळे, की पुसून कधीच स्वच्छ होत नाहीत.

"झरा-बिरा काही नाही, बाई," ती म्हणाली. "त्या वळणाला कसलंच कारण नाही. खुंट्या मी जाळल्या."

वर्गात कुणाला काही कळेना. मग तिने सगळं सांगितलं, ओलं लाकूड, उलटा उभा केलेला रोलर, दोन झाडं. जीपच्या चाकापर्यंत आली तेव्हा मागच्या बाकावर कुणी तरी फिसकन हसलं आणि मग अख्खा वर्ग हसायला लागला. इंजिनियरबाईही हसल्या. मावशी हसली नाही. हसणं थांबेपर्यंत ती तशीच उभी होती.

"हसा," ती म्हणाली. "मीही इतकी वर्षं हसतच आले. पण त्या दिवशी त्या पोरीने विचारलं, रस्ता इथे का वळतो, आणि मला सांगायला तोंड नव्हतं. रस्ता सरळ करा, बाई."

तेवढ्यात काका उठले. त्यांच्याबरोबर बाकही उठला, कारण ते त्यात अडकले होते. शेजारच्या दोघांनी बाक ओढून काढला. काका म्हणाले, "नव्या खुंट्या मी ठोकल्या. तिने नुसती चूल पेटवली." चारचौघांत काकांना एवढं बोलताना मी पहिल्यांदा पाहिलं. इंजिनियरबाईंनी त्यांना विचारलं, की निवृत्तीला किती अवकाश आहे. हे काम पुरं होईल तेवढा, असं काका म्हणाले. मग हे काम तुमच्याच रोलरवर होईल, आणि या खेपेला खुंट्यांवर मी स्वतः नजर ठेवीन, असं म्हणून बाईंनी नकाशा गुंडाळला.

पुढचे दिवस वाईट गेले, हे कबूल केलं पाहिजे. वळणावर मावशीशी कुणी बोलेना. हॉटेलवाला तिच्या दुकानासमोरून जाताना मान फिरवायचा आणि एकदा त्या नादात टांगलेल्या टायरवर आपटला. मीही तिच्यावर रागावले होते. उद्या खाशील काय, असं मी तिला तोंडावर विचारलं. तिने मला ट्यूब धरायला लावली. नवा रस्ता निम्मा होतो न होतो तोच सगळ्यात आधी हॉटेलवाल्याने आपलं हॉटेल उचललं आणि जुना रस्ता नव्याला मिळतो त्याच्या थोडं पुढे नेलं. गाड्या थांबायला तिथे खात्याने रुंद जागा सोडली होती. केस कापणारा त्याच्या मागोमाग गेला. मावशी मात्र जागची हलली नाही.

काका रोज नव्या रस्त्यावर रोलर फिरवत होते. घरी आले की मावशीच्या नजरेला नजर देत नसत. एकदा जेवताना ते खाली मान घालून म्हणाले, की कडेचा भाग थोडा उंचसखल राहिला तर कुणाच्या लक्षात येणार नाही, आणि चार गाड्यांची चाकं तरी तुझ्याकडे येतील. आयुष्यभर त्यांनी असला विचार केला नव्हता. मावशीने त्यांच्यापुढचं ताट उचललं.

"माझ्यासाठी रस्ता बिघडवणार असाल तर रोलरवरच झोपायला जा," ती म्हणाली.

काका गेले नाहीत, पण पुन्हा तसं बोललेही नाहीत. त्यानंतर त्यांनी तो रस्ता असा काही घोटून काढला, की गँगमधली माणसं कंटाळली. मुकादम म्हणायचा, आता पुरे, यात तोंड दिसेल.

रस्ता खुला झाला तो दिवस काकांच्या नोकरीचा शेवटचा दिवस. पुन्हा हिवाळा होता आणि माळावर दाट धुकं होतं. मी आदल्या दिवशीच जाऊन राहिले होते. मावशीने नेहमीसारखे टायर बाहेर टांगले, टबात पाणी भरलं आणि बाकावर बसली. वळणावरून एक गाडी जाईना. इतकी शांतता तिथे मी कधी अनुभवली नव्हती. शाळेची बस यायची वेळ झाली तशी ती उठली आणि रस्त्याच्या मधोमध जाऊन उभी राहिली. रस्ता आता तिचा एकटीचाच होता. धुक्यात काही दिसत नव्हतं. मग शेताच्या पलीकडून आवाज आला. बस आली, कुठे ब्रेक लागला नाही, कुठे हॉर्न वाजला नाही, आणि आवाज एका ओळीत जात जात डोंगराच्या बाजूला कमी होत गेला.

"नीट गेली," मावशी म्हणाली.

मग ती बाकावर बसली आणि रडली. मी तिच्या पाठीवर हात ठेवला. दुकानासाठी रडतेस का, असं मी विचारलं, तर म्हणाली, दुकानासाठी रडतेय आणि बसमुळे बरं वाटतंय, दोन्ही एकदम होतंय, तू मध्ये बोलू नको. रडून झाल्यावर तिने तोंड धुतलं आणि काकांना निरोप पाठवला, की रोलर घेऊन या.

खात्याचा रोलर खाजगी कामाला वापरता येत नाही, हे काकांना पक्कं माहीत. ते हातात टोपी घेऊन इंजिनियरबाईंकडे गेले. बाई नव्या रस्त्याच्या कडेला हेल्मेट घालून उभ्या होत्या. त्यांनी सगळं ऐकलं आणि म्हणाल्या, की मी आज साइटवर आलेच नाही. मग त्या पाठ फिरवून डोंगराकडे बघत उभ्या राहिल्या.

दुपारी दुकानाला साखळी बांधली. ट्रॉलीची चाकं मावशीने स्वतः हवा भरून तयार केली होती. काका रोलरवर चढले, साखळी ताणली गेली, पत्रे खडखडले, आणि इतक्या वर्षांचं दुकान वळणावरून निघालं. मावशी उलट्या तोंडाने दारात बसली होती, मांडीवर पाण्याने भरलेला टब, कारण तो आत ठेवला तर सांडेल असं तिचं म्हणणं. मी बाजूने चालत होते आणि रोलरच्या पुढे जाऊ नये म्हणून मधून मधून थांबत होते. जुन्या रस्त्यावर धक्के बसत होते, तिचा पदर भिजला, ती काकांच्या नावाने ओरडत होती. मग आम्ही नव्या रस्त्याला लागलो.

तेवढ्यात मागून शाळेची बस आली. पुढे रोलर, मध्ये दुकान, समोरून येणाऱ्या गाड्या, त्यामुळे तिला पुढे जायला वाव नव्हता. बसमागे ट्रक थांबले, ट्रकमागे आणखी ट्रक. ट्रकवाल्यांना काय चाललंय ते कळलं आणि त्यांनी मजेने हॉर्न वाजवायला सुरुवात केली. पोरं खिडक्यांतून बाहेर डोकावून हात हलवत होती. बसच्या ड्रायव्हरने मान बाहेर काढून विचारलं, की मावशी, आम्हाला कधी घरी पोचवणार? सावकाश चल, मावशी म्हणाली, माझी नजर आहे तुझ्यावर. पुढे त्या रुंद जागेवर हॉटेलवाला बाहेर येऊन उभा होता. आम्ही जवळ येताना पाहून त्याने आपली दोन बाकडी उचलून बाजूला घेतली आणि मावशीच्या दुकानापुरती जागा मोकळी केली.

इंजिनच्या आवाजात काकांनी मागे वळून हाक मारली.

"कसा झालाय गं रस्ता?"

मावशीने मांडीवरच्या टबात पाहिलं. नव्या रस्त्याला लागल्यापासून पाणी काठाशी हललंही नव्हतं.

"पोटावर पायच आणलात की माझ्या," ती ओरडून म्हणाली.

काकांनी ते ऐकलं आणि तोंड पुढे फिरवलं, पण त्यांचे खांदे हसण्याने हलताना मला मागून दिसत होते.